विरोधापासून शक्ति निघेल काय ?

मनुष्याला फुकट मिळणाऱ्या वस्तूंचें आकर्षण फार. आणि फुकट मिळण्याजोग्या वस्तूंत शक्तीइतकें आकर्षण दुसऱ्या कशाचेंहि नाहीं. अन्न फुकट मिळालें तर एक दिवस भागतो, पण शक्ति फुकट मिळाली तर सारा जन्म भागेल, अशी त्याची समजूत असते. म्हणूनच ज्या काळीं जी शक्ति लोकांना ठाऊक होती, त्या काळीं ती विनामूल्य मिळविण्याची एखादी युक्ति कोणीतरी काढलेली आढळतेच. प्रस्तुत लेखांत अशाच एका शास्त्राचा विचार करावयाचा आहे. हें शास्त्र कोठें अस्तित्वांत नाहीं. तें केवळ कल्पित आहे. परंतु कल्पित वस्तूचा विचारहि नेटानें शेवटपर्यंत केला असतां खऱ्या वस्तूंवर उजेड पडतो, हा गणितज्ञांचा आणि कादंबरीकारांचा सारखाच अनुभव आहे.

या शास्त्राला आपण व्याघातशक्तिशास्त्र म्हणूं. त्याचा मूळ सिद्धांत असा : कित्येक वाक्यें अशीं असतात कीं तीं खरीं मानलीं तर खोटीं ठरतात, आणि खोटीं मानलीं तर खरीं ठरतात. ‘हें वाक्य खोटें आहे’ हें त्यांतील सर्वांत साधें. बुद्धि त्या वाक्यावर बसली कीं झोपाळ्याप्रमाणें सत्याकडून असत्याकडे व असत्याकडून सत्याकडे हेलकावे घेऊं लागते, आणि या हेलकाव्यांना अंत नाहीं. आतां जें अखंड हलतें त्याला दांडा जोडला कीं चाक फिरेल, आणि चाकाला पट्टा जोडला कीं माग चालेल. कोळसा नको, पाणी नको, ऊन नको. चार तर्कशास्त्री एका खोलींत बसवून प्रत्येकाच्या हातीं एकेक कूट वाक्य दिलें कीं सोलापुरांतल्या साऱ्या मागांना पुरेल एवढी वीज तयार!

वाचक हंसतील, आणि हंसावेंच. पण हंसून सोडून देण्यापूर्वीं एक गोष्ट ध्यानांत घ्यावी. आपल्यापैकीं पुष्कळ जण न कळत याच शास्त्राचे अनुयायी असतात. अन्याय फार झाला म्हणजे तो आपल्याच भारानें कोसळेल, समाजांत विसंगति वाढली म्हणजे तिच्यांतूनच सुधारणा उत्पन्न होईल, ढोंग उघडें पडलें कीं तें टिकणार नाहीं, असें आपण म्हणतों तेव्हां विरोध हा स्वतःच एक चालक आहे असें गृहीत धरून चालतों. तेव्हां विरोधापासून शक्ति निघते काय, हा प्रश्न नुसत्या करमणुकीचा नाहीं. त्याच्या उत्तरावर आपण हातपाय हलवावे कीं वाट पाहत बसावें हें अवलंबून आहे.

आपल्या नैयायिकांनीं स्वतःलाच खोडून काढणाऱ्या बोलण्याला वदतोव्याघात म्हटलें आहे. बोलणाराच आपल्या बोलण्याचा घात करतो, असा त्याचा अर्थ. ‘माझी आई वांझ आहे’ हें त्याचें ठरीव उदाहरण. पण आपल्या विषयाला याहूनहि जवळचा असा एक दोष त्यांनीं सांगितला आहे, तो आत्माश्रय. जी वस्तु सिद्ध होण्यासाठीं तीच वस्तु आधीं सिद्ध असावी लागते, तेथें आत्माश्रय होतो. दोन वस्तु एकमेकींवर टेकल्या तर अन्योन्याश्रय. तीन-चार वस्तूंची सांखळी फिरून मूळ जागीं आली तर चक्रक. आणि सांखळीला शेवटच नसला तर अनवस्था. कितीहि कसलेला डोंबारी झाला तरी त्याला स्वतःच्या खांद्यावर चढतां येत नाहीं, हा दृष्टांत आपल्याकडे या प्रसंगीं पूर्वींपासून देत आले आहेत. तो वाचकांनीं लक्षांत ठेवावा. पुढें त्याचा उपयोग होणार आहे.

‘मी बोलतों तें सर्व खोटें’ या वाक्याचा विचार भर्तृहरीनें आपल्या वाक्यपदीयांत केला आहे. त्याचें म्हणणें थोडक्यांत असें कीं, असें वाक्य उच्चारणाऱ्याच्या मनांत तें वाक्य स्वतःला लागू करावयाचें नसतें. कारण तेंच खोटें धरलें तर त्याला जें सांगावयाचें होतें तें सांगितलें गेलेंच नाहीं असें होईल. म्हणजे भर्तृहरि त्या झोपाळ्यावर बसावयासच तयार नाहीं. वाक्य हें बोलणाऱ्याच्या हेतूसाठीं असतें, स्वतःभोंवतीं गिरक्या घेण्यासाठीं नव्हे, असा हा एका वैय्याकरणाचा समंजस निकाल आहे.

आधुनिक तर्कशास्त्र मात्र एवढ्यावर थांबत नाहीं. तें म्हणतें, व्याघात एकदां मान्य केला कीं त्यापासून वाटेल तें सिद्ध करतां येतें. हें कसें तें पाहूं. समजा, ‘आज पाऊस पडला’ आणि ‘आज पाऊस पडला नाहीं’ हीं दोन्ही वाक्यें आपण खरीं मानलीं. पहिलें खरें आहे, म्हणून ‘आज पाऊस पडला किंवा सोलापुरास समुद्र आहे’ हेंहि खरें. कारण ‘किंवा’नें जोडलेल्या दोहोंपैकीं एक खरें असलें कीं पुरे. पण दुसरें वाक्य सांगतें कीं पाऊस पडला नाहीं. मग ‘किंवा’चा पहिला पाय गेला, उरला तो दुसरा. अर्थात् सोलापुरास समुद्र आहे ! या सिद्धतेंत तर्काची एकहि चूक नाहीं. याच रीतीनें आपण पर्वत, नद्या, विजेचे कारखाने, जें पाहिजे तें सिद्ध करूं शकूं. व्याघातशक्तिशास्त्राचें भांडवल तें हेंच. परंतु ज्या शहरानें नळाच्या पाण्यासाठीं चार-चार, पांच-पांच दिवस वाट पाहिली आहे, त्या शहराच्या रहिवाशाला या भांडवलाची किंमत तेव्हांच कळेल. समुद्र सिद्ध झाला, पण घागर भरली नाहीं. ज्यापासून सर्वच सिद्ध होतें त्यापासून कांहींच मिळत नाहीं; कारण समुद्र आहे हें जसें सिद्ध झालें, तसें समुद्र नाहीं हेंहि त्याच दमांत सिद्ध होतें.

यावर त्या शास्त्राचा पुरस्कर्ता म्हणेल, “तुम्ही कागदावरच्या वाक्यांविषयीं बोलतां, मी यंत्राविषयीं बोलतों. व्याघात यंत्रांत बसविला कीं तो हलतो. शाळेच्या प्रयोगशाळेंतली विजेची घंटाच पाहा ना !” हा आक्षेप खरोखर मार्मिक आहे, व त्याला नीट उत्तर दिलें पाहिजे. त्या घंटेंत विजेचा प्रवाह एका लोखंडी पट्टीच्या टोंकावरून जातो. प्रवाह वाहूं लागला कीं जवळच्या तारेच्या वेटोळ्यांत चुंबकत्व येतें व तें त्या पट्टीला आपल्याकडे ओढतें. पट्टी ओढली गेली कीं तिच्या टोंकाचा स्पर्श सुटून प्रवाह तुटतो. प्रवाह तुटला कीं चुंबकत्व जातें. चुंबकत्व गेलें कीं पट्टी मूळ जागीं येते, आणि प्रवाह पुनः सुरू होतो. म्हणजे प्रवाह असेल तर नसेल, आणि नसेल तर असेल. ‘हें वाक्य खोटें आहे’ याचेंच हें धातूचें भाषांतर. आणि ही घंटा निरुत्तर होऊन स्तब्ध न बसतां खणखणत राहते !

मग व्याघातापासून गति निघाली कीं नाहीं ? दोन गोष्टी पाहाव्या. पहिली ही कीं, घंटेंत खरा व्याघात नाहींच. प्रवाह एका क्षणीं आहे व दुसऱ्या क्षणीं नाहीं. एकाच क्षणीं आहे आणि नाहीं असें कधींच होत नाहीं. जैनांच्या स्याद्वादानें हीच गोष्ट शिकविली आहे. वस्तु आहे आणि नाहीं, हें दोन्ही म्हणतां येतें. पण कोणत्या अपेक्षेनें आहे व कोणत्या अपेक्षेनें नाहीं तें सांगितलें पाहिजे. तें सांगितलें कीं विरोध उरत नाहीं, क्रम किंवा भेद उरतो. कागदावरील वाक्याला काळ नाहीं, म्हणून तें अडकतें. घंटेला काळ आहे, म्हणून ती वाजते. आजच्या गणकयंत्रांतहि नकार करणारे विषम संख्येचे दुवे वर्तुळांत जोडून अशीच अखंड टिकटिक मिळवितां येते.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. घंटेला जोडलेला सेल काढून घ्या. पट्टी तीच, वेटोळें तेंच, रचनेंतील विरोधहि तोच. पण आवाज बंद. विरोधानें गतीला आकार दिला होता, ताल दिला होता. गति मात्र सेलांतल्या जस्तानें झिजून झिजून पुरविली होती. घंटा वाजते तेव्हां आपलें लक्ष तिच्या चमत्कारिक रचनेकडे जातें, आणि कोपऱ्यांत मुकाट्यानें झिजणारा सेल कोणाच्या ध्यानांतहि येत नाहीं. या लेखाचें सारें सार या एका चित्रांत आहे.

या शास्त्राचा सर्वांत जुना व सर्वांत सुंदर असा जो नमुना, तो तर आपल्याच पूर्वजांचा आहे. शके १०३६ मध्यें, म्हणजे इ. स. १११४ सालीं जन्मलेल्या भास्कराचार्यांनीं वयाच्या छत्तिसाव्या वर्षीं सिद्धांतशिरोमणि रचला. त्याच्या गोलाध्यायांतील यंत्राध्यायांत ‘स्वयंवह’ यंत्राचें वर्णन आहे. हलक्या लांकडाचें चाक घ्यावें, त्याला सारख्या अंतरावर व किंचित् वांकविलेल्या पोकळ अऱ्या बसवाव्या, त्या अर्ध्या पाऱ्यानें भरून तोंडें बंद करावीं, आणि तें चाक आंसावर ठेवावें, कीं तें आपोआप फिरूं लागेल. त्यांच्या पूर्वीं, सातव्या शतकांत, ब्रह्मगुप्तानेंहि अशा चाकाचें वर्णन केलें होतें. पुढें तेराव्या शतकांत फ्रान्समधल्या व्हिलार द ओनकूर या कारागिरानें तशाच जातीच्या चाकाचें चित्र आपल्या वहींत काढून ठेवलेलें आढळतें. चाळीसगांवाजवळील पाटण येथें भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानें तेराव्या शतकाच्या आरंभीं आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठीं मठ स्थापिला; त्याचा शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनीं उजेडांत आणला. त्या मठांत बसून शिकणाऱ्या कोणा विद्यार्थ्यानें हें चाक करून पाहिलें असेल काय, असा विचार मनांत आल्याशिवाय राहत नाहीं. केलें असेल तर तें थोडें हेलकावून थांबलेलें त्यानें पाहिलें असेल.

तें कां थांबतें ? खालीं उतरणाऱ्या बाजूच्या अऱ्यांत पारा आंसापासून दूर जातो, म्हणून त्या बाजूचा भार अधिक, असें प्रथमदर्शनीं वाटतें. परंतु सबंध चाकाचा हिशेब केला म्हणजे दिसतें कीं एका बाजूस पारा दूर आहे पण थोडा आहे, आणि दुसऱ्या बाजूस जवळ आहे पण अधिक आहे. दोन्हींचा तोल बरोबर सांधतो. स्वयंवह चाक म्हणजे स्वतःच्या खांद्यावर चढूं पाहणारा डोंबारीच. नैयायिकांचा आत्माश्रय आणि यंत्रशास्त्रज्ञांचें अखंड चालणारें चाक हीं एकाच दोषाचीं दोन रूपें आहेत; एक विचारांतलें, दुसरें लांकडालोखंडांतलें. इ. स. १७७५ मध्यें पॅरिसच्या विज्ञानसंस्थेनें असल्या यंत्रांचे प्रस्ताव यापुढें तपासावयाचेच नाहींत असा ठराव केला.

आजहि वरवर पाहणाऱ्याला स्वयंवह वाटावें असें यंत्र आमच्या जिल्ह्यांत आहे. उजनी धरणाच्या पायथ्याशीं १२ मेगावॅटचें जें वीजगृह आहे, त्यांतलें यंत्र उलटसुलट चालणारें आहे. पाणी खालीं सोडून वीज करावी, आणि विजेनें तेंच पाणी पुनः वर चढवावें. घाटघर येथें याच तत्त्वावर २५० मेगावॅटचें केंद्र उभें आहे. पण या फेऱ्यांत दर वेळीं सुमारें पांचवा ते चौथा हिस्सा वीज खर्ची पडते, आणि हें बांधणाऱ्यांना पक्कें माहीत असतें. त्यांना शक्ति उत्पन्न करावयाची नसते. रात्रीची शिल्लक संध्याकाळच्या गरजेसाठीं ठेवावयाची असते. तोटा मान्य करून केलेला हा व्यवहार आहे, म्हणून तो प्रामाणिक आहे.

इतकें झाल्यावर व्याघात ही अगदींच कुचकामाची वस्तु आहे असा समज होईल. तसें मात्र नाहीं. सन १५८६ मध्यें सायमन स्टेव्हिन या डच गणितज्ञानें एक गंमत केली. दोन बाजूंस दोन वेगळे उतार असलेल्या त्रिकोणी ठोकळ्यावर चौदा गोळ्यांची माळ टाकली आहे अशी त्यानें कल्पना केली. ती माळ घसरूं लागली तर प्रत्येक क्षणीं तिची मांडणी पहिल्यासारखीच राहील, म्हणजे ती सदैव फिरत राहील. पण हें तर असंभाव्य. म्हणून ती हलणारच नाहीं. आणि ती हलत नाहीं एवढ्यावरून उतारावरच्या वजनांचा सारा नियम त्यानें काढला. सन १८२४ मध्यें सादी कार्नो यानेंहि असलें यंत्र अशक्य आहे एवढें धरून वाफेच्या यंत्रापासून जास्तींत जास्त किती काम मिळेल त्याची मर्यादा ठरविली. १८७७ सालीं सुरू झालेल्या आमच्या जुन्या गिरणींतली वाफ त्याच मर्यादेंत चालत होती. विसाव्या शतकांत रसेलला १९०१ मध्यें गणिताच्या पायांतच स्वतःला खाणारें एक कोडें सांपडलें. त्या धक्क्यानंतर झालेल्या विचारांतून १९३१ मध्यें गेडेलचा सिद्धांत व १९३६ मध्यें टयूरिंगची यंत्रकल्पना निघाली, आणि तिच्यांत आजच्या गणकयंत्राचें बीज होतें. तेव्हां व्याघातानें मनुष्यजातीवर उपकार केले आहेत हें खरें. पण ते कोणत्या प्रकारचे ? ‘येथून रस्ता नाहीं’ अशी पाटी लावणाऱ्याचे. पाटीनें चालणाऱ्याचे श्रम वांचतात. पाटी त्याला वाहून नेत नाहीं. कोडें रसेलला सांपडलें, पण त्यावर झिजलीं तीं अनेक माणसांच्या आयुष्यांतील वर्षें.

या प्रश्नांतील अगदीं अलीकडचें प्रकरणहि सांगण्यासारखें आहे. सन १८६७ मध्यें मॅक्सवेलनें एका सूक्ष्म राक्षसाची कल्पना केली. हवेच्या दोन कोठड्यांमधील झरोक्याशीं हा राक्षस बसला आहे, आणि वेगवान् कण एका बाजूस व मंद कण दुसऱ्या बाजूस सोडीत आहे. अशानें एक बाजू तापेल, दुसरी थंडावेल, आणि खर्चाशिवाय शक्ति हातीं येईल. नुसत्या ज्ञानावर चालणारें हें यंत्र ! १९२९ मध्यें झिलार्डनें त्याचा हिशेब मांडण्यास आरंभ केला, आणि १९६१ मध्यें लांदावर यानें दाखविलें कीं राक्षसानें टिपलेली माहिती पुसून पाटी कोरी करतांना ऊर्जा खर्च होतेच. नेहमींच्या तपमानांत एक खूण पुसण्याची किंमत फार सूक्ष्म : एका ज्यूलचे एकावर एकवीस शून्यें इतके भाग केले तर त्यांतील सुमारें तीन भाग. पण ती शून्य नाहीं. २०१० मध्यें जपानी शास्त्रज्ञांनीं एक सूक्ष्म कण केवळ त्याच्यावर नजर ठेवून व योग्य वेळीं वाट अडवून पायरीपायरीनें वर चढवून दाखविला; नजर ठेवण्याचा खर्च अर्थातच दुसरीकडे पडला होता. विसरण्याला सुद्धां किंमत पडते, हें पदार्थविज्ञानानें सिद्ध केलेलें एक नीतितत्त्वच म्हटलें पाहिजे.

येथवरचा विचार यंत्रांचा झाला. आतां समाजाकडे वळूं. कारण गेल्या दोन शतकांत विरोधशक्तीच्या सिद्धांतानें खरी प्रतिष्ठा तेथेंच मिळविली आहे. विचाराची प्रगति विरोधांतून होते असें हेगेलनें मांडलें. मार्क्सनें तेंच तत्त्व विचारावरून उत्पादनाच्या साधनांवर व वर्गांवर आणलें. आणि मराठींत त्याला विरोधविकास असें सुबक नांव मिळालें. इतिहास माणसेंच घडवितात हें मार्क्सला ठाऊक होतें. परंतु पुढारी आणि अनुयायी, डावे आणि उजवे, सर्वांच्याच बोलण्यांत पुढें असा सूर येऊं लागला कीं विरोध तीव्र झाला म्हणजे इतिहासाचें चाक आपणच फिरतें.

या ठिकाणीं कांटनें १७६३ सालीं केलेला एक भेद उपयोगी पडतो. विधान आणि त्याचाच निषेध यांतील विरोध वेगळा, व दोन उलट दिशांनीं ओढणाऱ्या प्रेरणांतील विरोध वेगळा. पहिल्यापासून कांहींच निष्पन्न होत नाहीं. दुसऱ्यांत दोर ताणला जातो, पण ताण विरोधाचा नसतो. दोर ओढणाऱ्यांच्या दंडांचा असतो. गिरणीमालक आणि कामगार यांच्यांत विरोध होता असें आपण म्हणतों. तो होता, पण संपाच्या दिवसांत जी शक्ति खर्च झाली ती ज्या घरांत चूल पेटली नाहीं त्या घरांतून आली. ‘विरोध’ हा शब्द त्या चुलीचें नांव झांकून टाकतो, हा त्याचा मोठा दोष आहे.

याहून स्वच्छ उदाहरण पाहिजे असेल तर पंढरपुराकडे पाहावें. मंगळवेढें आणि पंढरपूर हीं दोन्ही आमच्याच जिल्ह्यांतलीं गांवें. मंगळवेढ्यास कुसाच्या बांधकामावर असतां भिंत कोसळून चोखोबांचा अंत झाला. तें साल १३३८ धरतात. त्यांची समाधि पंढरपुरास विठ्ठलमंदिराच्या महाद्वारासमोर आहे. त्यांचे अभंग लाखों वारकऱ्यांनीं शतकानुशतकें गाइले, आणि त्यांच्या जातीच्या माणसाला मात्र त्या मंदिरांत पाऊल टाकण्याची बंदी राहिली. देवापुढें सर्व सारखे, आणि हे मात्र सारखे नव्हत; याहून उघडा व्याघात कोणत्या तर्कग्रंथांत सांपडेल ? तो कोणापासून लपलेलाहि नव्हता. दर आषाढीस त्याच्याच शेजारून दिंड्या जात होत्या. विरोधापासून शक्ति निघत असती तर त्या महाद्वारीं साऱ्या महाराष्ट्राला पुरेल एवढी वीज उत्पन्न झाली असती. प्रत्यक्षांत सहाशें वर्षें तो विरोध तेथें सुखानें नांदला, आणि त्यानें एक पणतीसुद्धां पेटविली नाहीं.

मग बदल झाला कसा ? १९२७ सालीं महाडच्या चवदार तळ्यावर आणि १९३० पासून नाशिकच्या काळाराम मंदिरापुढें डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखालीं माणसें गेलीं. त्यांनीं मार खाल्ला, बहिष्कार सोसला. पुढें १९४७ च्या मे महिन्यांत साने गुरुजींनीं पंढरपुरास तनपुरे महाराजांच्या मठांत उपोषण मांडलें, आणि विठ्ठलमंदिर सर्वांना उघडें झालें. यांत व्याघाताचें काम कोणतें ? घंटेच्या रचनेचें. कोणत्या जागीं जोर लावावा हें त्यानें दाखविलें. जोर मात्र ज्यांच्या पाठीवर वळ उठले त्यांचा, आणि ज्याच्या पोटांत अन्न गेलें नाहीं त्याचा.

आणखी एक गोष्ट यांतून निघते, व ती मला सर्वांत गंभीर वाटते. विरोध शक्ति देत नाहीं इतकेंच नव्हे. तो टिकवून धरावयासच शक्ति लागते. सहाशें वर्षें तो व्याघात आयता तग धरून राहिला नव्हता. त्यासाठीं रोज कोणीतरी दाराबाहेर थांबत होतें, मान खालीं घालीत होतें, मुलाच्या ‘आपण आंत कां जायचें नाहीं ?’ या प्रश्नाला उत्तर शोधीत होतें. आंत गाणाऱ्यांना आपलें गाणें व आपला आचार यांचा मेळ घालण्याचे श्रम पडले नाहींत, कारण ते श्रम बाहेरच्यांवर टाकलेले होते. ते त्या घंटेचा सेल होते.

ही गोष्ट मोठ्या मंदिरांतच घडते असें नाहीं. आपल्या दिवाणखान्यांतहि घडते. खोटें बोलूं नये असें मुलाला शिकविणारा बाप, वसुलीचा माणूस दाराशीं आला म्हणजे त्याच मुलाला ‘बाबा घरीं नाहींत म्हणून सांग’ असें सांगतो. बापाला या विसंगतीचा कांहींच त्रास होत नाहीं. त्याचा दिवस निभावतो. पण ती विसंगति हवेंत विरून जात नाहीं. दारापर्यंत चालत जाणाऱ्या मुलाच्या मनांत ती उतरते, आणि पुढें कित्येक वर्षें त्याच्या भरंवशांतून तिचें व्याज वसूल होत राहतें. सुनेला लेकीसारखी म्हणावें आणि तिनें सर्वांच्या मागून जेवावें; शिक्षणाची थोरवी गावी आणि मोलकरणीच्या मुलीला शाळेच्या वेळीं कामास बोलवावें. अशा प्रत्येक घरगुती व्याघाताच्या पाठीमागें एक माणूस मुकाट्यानें झिजत असतें.

कोणी विचारील, तर मग मनुष्यानें आपल्या जीवनांत विसंगति मुळींच राहूं देऊं नये काय ? तें कोणालाच शक्य नाहीं. ज्याच्या आयुष्यांत एकहि विरोध नाहीं तो एक तर संत असेल, नाहीं तर त्यानें विचार करणें सोडून दिलें असेल. माझें म्हणणें इतकेंच आहे कीं ज्या विरोधावर आपण राहतों त्याचा खर्च कोण देतो, हें तपासावें. आणि तो दुसरें कोणी देत असेल तर निदान कांहीं भाग आपल्या अंगावर घ्यावा. सत्य बोलावयाचें तर वसुलीच्या माणसापुढें आपण स्वतः उभें राहून ‘या महिन्यांत जमत नाहीं’ असें म्हणावें. त्यांत लाज आहे. पण ती लाज ही त्या तत्त्वाची रास्त किंमत आहे. आजपर्यंत ती मूल देत होतें.

आमच्या सोलापुरांत सिद्धेश्वराचें तळें आहे. बाराव्या शतकांत, म्हणजे भास्कराचार्य जें स्वयंवह चाक वर्णन करीत होते त्याच शतकांत, सिद्धरामेश्वरांनीं लोकांकडून तें खणविलें अशी परंपरा आहे. एकाच शतकांतल्या या दोन कल्पना मला नेहमीं शेजारी शेजारी ठेवाव्याशा वाटतात. भास्कराचार्यांची बुद्धि अलौकिक, आणि त्यांचें चाक अजूनहि विचाराला चालना देतें. तें त्याचें स्थान कोणी हिरावून घेऊं नये. पण तहानेच्या वेळीं गांव तळ्यावर गेलें. त्या तळ्याच्या मातीची पहिली पाटी कोणी उचलली त्याचें नांव कोठें लिहिलेलें नाहीं. खर्च देणाऱ्यांचीं नांवें बहुधा लिहिलेलीं नसतात. तीं शोधून काढणें, आणि शक्य तेव्हां त्यांत आपलें एक नांव घालणें, एवढें आपल्या हातीं आहे.